सवाईच्या निम्म्यात

९ जानेवारी १९८४, सकाळ
आजपासून रोजनिशी. चंद्रपूरच्या संस्थेचं पत्र आलं. गृहकर्ज मंजूर. तीस हजार रुपये, व्याज साडेबारा टक्के. सिंदेवाहीत स्वतःचं पक्कं घर.
घर पाहावं बांधून, लग्न पाहावं करून म्हणतात. लग्न मी सत्तर साली केलं. तेव्हापासून सत्यशीलाला सांगत आलो आहे की घर बांधीन. चौदा वर्षं झाली. उशीर झाला असं काही लोक म्हणतील. मी त्याला अभ्यास म्हणतो.

१० जानेवारी
हिशेब केला. धान संशोधन केंद्रात मी सोळा वर्षं धानाचे फुटवे मोजतो. रोपांच्या एका चुडात किती फुटवे, ते मोजायचे आणि रजिस्टरात लिहायचे. आजवर एकाही साहेबानं माझा आकडा बदललेला नाही. तेव्हा हिशेब मला कोणी शिकवू नये.
आमच्या गावी बियाण्याचं धान सवाईनं मिळायचं. आषाढात एक खंडी घ्या, कापणीनंतर सव्वा खंडी परत करा. म्हणजे पंचवीस टक्के. आमचे बाबा जन्मभर सवाईनं धान घेत आले आणि ताठ मानेनं जगले. इथे साडेबारा. सवाईच्या बरोब्बर निम्मं! शहाण्या माणसानं गाव सोडून संस्थेतच जायला हवं.
तीस हजारांवर साडेबारा टक्के म्हणजे ३,७५०. एकूण ३३,७५०. हप्ता ३४५. भागाकार केला. अठ्ठ्याण्णव हप्त्यांत खलास. आठ वर्षं दोन महिने.
पत्रात मात्र २४० हप्ते लिहिलेत. ते ढिल्या लोकांसाठी असणार. संस्थेला सगळ्या प्रकारची माणसं सांभाळावी लागतात.

११ जानेवारी
हिशेब सत्यशीलाला दाखवला. ती म्हणाली, हे साडेबारा एकडावचे का हरसालचे?
मी हसलो. सवाई कधी हरसालची असते का, असं विचारलं. ती म्हणाली, नाई फेडली त असते, आमच्या बाबांनं दोन साल नाई फेडली त सवाईवर सवाई चढली होती, तुमी एकडाव पुसून पहा.
परवा सहीसाठी आम्ही दोघं चंद्रपूरला जाणार, तेव्हा विचारायचं ठरवलं. पण असले प्रश्न विचारून संस्थेत आपली काय किंमत राहील? नाही विचारणार.

१६ जानेवारी
बांधकामाला अडतीस हजार लागतात. आठ हजार कमी पडतात. उपाय मीच काढला. सत्यशीलाच्या वडिलांनी तिला दीड एकर धानाचं वावर दिलं आहे. ते तिच्या चुलतभावाकडे, देवाजीकडे गहाण ठेवायचं. तो आठ हजार देणार. पाच वर्षं पीक त्याचं. पाच पिकांनंतर, म्हणजे ३१ जानेवारी १९८९ पर्यंत, आठ हजार परत दिले तर वावर हिचं. नाही दिले तर त्याचं.
 तिला योजना समजावली. वर्षाला माझे ४,१४० रुपये भरले जातील. दोन वर्षांत ८,२८०. तेवढं कर्ज कमी झालं की तेवढंच संस्थेतून पुन्हा उचलायचं आणि देवाजीच्या तोंडावर मारायचं. म्हणजे ८६ च्या जानेवारीत वावर मोकळं. तीन वर्षं आधी. देवाजीला बिचाऱ्याला दोनच पिकं मिळणार. त्याच्याबद्दल मला थोडं वाईट वाटलं.
ती म्हणाली, बाबांनं देल्लेलं तेवढंच हाय माह्याजवळ. मी म्हटलं, काळजी नको, तू वामनरावाची बायको आहेस.
तिनं सही केली. अंगणवाडीचं तिला पावणेदोनशे मानधन मिळतं. त्याला मी हात लावणार नाही, ते तिनं टिकली-पावडरीत उडवावं, असंही जाहीर केलं. मनाचा मोठेपणा वेळीच दाखवलेला बरा.

१५ मे १९८४, बुद्धपौर्णिमा
गृहप्रवेश. सकाळी वंदना झाली. सव्वाशे पानं उठली. बजेट साठ पानांचं होतं, पण स्वतःचं घर असताना माणूस पंगत मोजत बसत नाही.
घराला 'वामन-सदन' नाव दिलं. सत्यशीला स्वयंपाकघरात एकटीच उभी राहून ओट्यावरून हात फिरवत होती. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. धूर झाला असेल, असं ती म्हणाली. चूल तर अजून पेटायची होती.
मलाही भरून आलं. हे मात्र खरं लिहितो.

२ जून
संकल्प. दर महिन्याला हप्त्याशिवाय पन्नास रुपये जास्तीचे भरायचे. खर्रा बंद. सुपारी-तंबाखूचे रोजचे दोन खर्रे, त्यातूनच निघतात.

३ जून
खर्रा एकदम सोडणं शरीराला घातक असतं असं केंद्रातले सगळेच म्हणतात. हळूहळू.

११ जुलै
लाजिरवाणा प्रकार. सत्यशीला सुट्टी काढून धानाच्या रोवणीला गेली. कुठे? आपल्याच वावरात. देवाजीच्या रोजीनं. घरमालकाची बायको चिखलात!
तिला बोललो. ती म्हणाली, बांधी दुसऱ्याच्या हातची रोवलेली मले पाहावत नाई, अन् रोजीही भेटते.
रोजीचं काय केलं ते विचारलं नाही. आपण दिलेला शब्द पाळतो.

२० डिसेंबर
स्टाफसमोर माझं व्याख्यान. विषय 'गृहकर्ज: गैरसमज आणि सत्य'. फळ्यावर सवाई आणि साडेबारा शेजारी शेजारी मांडले. अकरा श्रोते. टाळ्या बऱ्या पडल्या.
शेवटी वारलूनं हात वर केला. वारलू आमच्या प्लॉटवर मजूर आहे, भामरागडकडचा. त्यानं विचारलं, बाबू, घर तुमचंच, मंग भाडं कोणाले देता? मी म्हटलं, भाडं नव्हे, हप्ता. तो म्हणाला, हर महिन्याले देता ना, नाई देल्लं त काढतीन ना, मंग?
सगळे हसले. वारलूनं गावी घर बांधलं ते अकरा दिवसांत. जंगलातला बांबू, गावातली सगळी माणसं, आणि शेवटी जेवण. त्याला अर्थशास्त्र काय समजणार? अज्ञानात सुख असतं.
व्याख्यानानंतर कोणीही कर्ज घेतलं नाही.

१४ जानेवारी १९८५
संस्थेचा वार्षिक उतारा आला. भरलेले हप्ते बारा. रक्कम ४,१४०. बाकी येणं २९,६१०.
कारकुनाची चूक. २५,८६० हवं; व्याजाचे ३,७५० तर सवाईसारखे शेवटी एकदाच. बहुतेक माझे पैसे दुसऱ्या कोणा वामनरावाच्या खात्यात गेले. परवा चंद्रपूरला जाऊन झाडतो. शांत राहणार नाही.

१६ जानेवारी, बसमध्ये, मूलच्या स्टँडवर
जाऊन आलो. शांत राहिलो.
काउंटरवर पत्रूजी नावाचे म्हातारे कारकून बसतात. त्यांनी चहा पाजला, हीच गोष्ट मला आधी खटकायला हवी होती. म्हणाले, भाऊ, चूक नाई. तीस हजाराचं सालभराचं व्याज ३,७५०. तुमी भरले ४,१४०. उरले ३९०. तेवढंच मुद्दल कटलं. औंदा पुन्हा उरलेल्यावर साडेबारा.
मी विचारलं, पुन्हा? ते म्हणाले, हरसाल.
मी म्हटलं, मला माहीतच होतं, फक्त खात्री करायची होती. ते हो म्हणाले. भला माणूस आहे.

१७ जानेवारी
३४५ ला २४० नं गुणलं. ८२,८०० आले. परत गुणलं. मग उलटं गुणलं, २४० ला ३४५ नं. तेच.
तीस हजारांचे ब्याऐंशी हजार आठशे. सवाई नाही, दीडी नाही. जवळजवळ पावणेतीनपट. आमच्या गावच्या सावकाराला एवढा आकडा उच्चारायला लाज वाटली असती.
शिवाय शेवटचा हप्ता जानेवारी २००४. मी रिटायर होणार २००२ ला. कागद पहिल्यांदाच नीट वाचला. उरलेली रक्कम ग्रॅच्युइटीतून कापतील, असं आठव्या कलमात आहे. माझी सही त्याच्याच खाली. सही सुरेख आलीय.
सत्यशीलाला अजून सांगितलं नाही. ती उगाच घाबरेल.

१८ जानेवारी
तिनं विचारलं, काय म्हणे संस्थावाले? मी म्हटलं, किरकोळ तांत्रिक बाब. ती बरं म्हणाली आणि तांदूळ निवडू लागली. घाबरली नाही. अडाणीपणाचाही एक फायदा असतो.

२ फेब्रुवारी
नवी योजना. वर्षभरात मुद्दल ३९० फिटलं. आठ हजार पुन्हा उचलण्याएवढं फिटायला बरीच वर्षं लागतील, हे मान्य. म्हणून वेगळी शिल्लक. पाच वर्षांतलं एक गेलं, चार राहिली. वर्षाला दोन हजार. महिन्याला १६७. सोपं आहे. खर्रा पूर्ण बंद, हॉटेलातला चहा बंद, सायकलनं ड्युटी.

९ फेब्रुवारी
सायकल पंक्चर. टायरही बदलावा लागला. ट्यूबही. १६७ मधून वजा.

३० एप्रिल
शिल्लक: ४१ रुपये.

१ मे
सुट्टीच्या दिवशी खर्च होतोच. शिल्लक: ३६.

१२ जुलै
ही पुन्हा रोवणीला. पुन्हा बोललो. मंडळी नावं ठेवतात असं सांगितलं. ती म्हणाली, मंडळी हप्ता भरते का?
मी सायकल पुसायला घेतली.

१० जानेवारी १९८६
याच महिन्यात वावर मोकळं व्हायचं होतं. देवाजी बाजारात भेटला. त्यानं विचारलं, काय जवाई, आणले का पैसे? मी म्हटलं, घाई काय, कागदावर ८९ आहे. तो म्हणाला, माही घाई नाई, तुमीच सांगत होते सगळ्या गावाले.
माणसानं एवढं शब्दाला धरू नये.
उतारा आला. बाकी २९,१७१. दोन वर्षांत ८२९ रुपये मुद्दल फिटलं. हिशेब लावला की घराचा किती भाग आता माझा. न्हाणीघराचं दार आणि कडी. चौकट अजून नाही.

१९ ऑगस्ट
तीन आठवडे पाऊस. भिंतीला ओल. संस्थेची भिंत असल्यामुळे दुरुस्ती संस्थेनं करावी, असं पत्र टाकलं.

४ सप्टेंबर
उत्तर आलं. दुरुस्ती घरमालकानं करायची. या एका बाबतीत ते मला घरमालक मानतात.

२२ मार्च १९८७
क्रांतिकारी बचत. टीव्ही घेतला. हप्त्यानं. नीट विचार करूनच. नागभीडला सिनेमाला गेलं की बस, तिकीट, नाश्ता मिळून पंचवीस रुपये जातात. टीव्हीनं ते वाचतील. आणि दुकानदारानं छातीवर हात ठेवून सांगितलं, व्याज एक पैसा नाही. या वेळी मी स्पष्ट विचारलं होतं, एकदाचं की हरसालचं? अनुभवातून माणूस शिकतो.
रोख किंमत २,९०० होती. हप्त्यानं ३,६००. पण व्याज नाही.

२५ मार्च
तीस फुटांचा बांबू उभारून वर अँटेना लावला. मुंग्या दिसतात. आवाज येतो. वारलू आला होता पाहायला. अर्धा तास मुंग्या पाहिल्या. हे पण हर महिन्याले का, असं विचारून गेला.

८ जुलै
हप्ता ३४५, टीव्हीचा १५०. पगारातून किराणा भागत नाही. सत्यशीलाला म्हटलं, तुझ्या मानधनातले या महिन्यात शंभर दे. ती नाई म्हणाली. म्हणाली, पंच्याहत्तर देते, शंभर नाई भेटणार.
चौदा नव्हे, सतरा वर्षांत पहिल्यांदा तिनं मला नाही म्हटलं. टिकली-पावडरीचा एवढा सोस बरा नव्हे. मला दुःख झालं. नंतर तिच्याकडे पाहिलं. टिकली तीच जुनी होती.

५ जानेवारी १९८८
बाकी २८,१२२. वावराचं एक वर्ष राहिलं. शिल्लक शून्य. शून्य म्हणजे निदान उणे नाही.
संकल्प: या वर्षात आठ हजार. महिन्याला ६६७. पगार १,४००. कसं ते उद्या.

६ जानेवारी
कसं ते सुचलं नाही.

१७ जुलै
रोवणी पाहायला मीच वावरात गेलो. न सांगता. बांधावर उभा होतो. सत्यशीला सगळ्यांत पुढच्या ओळीत. कंबर वाकवून, वेगानं. देवाजी छत्री घेऊन उभा. तो तिला म्हणाला, बाई, तिकडचा कोपरा सुटला. तिनं कोपऱ्यातून परत रोवत आणलं.
तिच्या बाबांनी तिला दिलेल्या जमिनीत तिला कोणी कोपरा दाखवत होता, आणि ते माझ्या भागाकारामुळे. मला फार लाज वाटली. सदऱ्याला चिखल लागेल म्हणून मी खाली उतरलो नाही, असं बांधावरच्या बायांना सांगितलं.

१८ जुलै
आजपासून खर्रा बंद. या वेळी कारण वेगळं आहे.

१९ ऑक्टोबर
तीन महिने खर्रा नाही. १८० रुपये साठले. आयुष्यात पहिल्यांदा संकल्प टिकला. आता फक्त ७,८२० कमी.

२ जानेवारी १९८९
उतारा. पाच वर्षांत भरले २०,७००. मुद्दल फिटलं २,५०२. बाकी २७,४९८.
पत्रूजींनी उताऱ्याखाली पेनानं लिहिलंय: आता वेग वाढेल, धीर धरा. पंधरा वर्षं राहिली.

१२ जानेवारी
देवाजीकडे गेलो. खळ्यावर होता. मी तयारी करून गेलो होतो. एक, आपण नात्यातले. दोन, पाऊसपाणी अनिश्चित. तीन, एक वर्ष मुदत वाढवली तर पुढचं पीकही त्याचंच. चार, माझी प्रतिष्ठा.
तो धान पाखडत राहिला. म्हणाला, जवाई, कागद हाय. मी पाच साल थांबलो. आता मी तिथी बोडी खोदून राह्यलो. फेब्रुवारीत मजूर येतीन.
बोडी म्हणजे तळं. वावरच राहणार नाही.
चौथा मुद्दा मी काढलाच नाही.

१३ जानेवारी
सत्यशीलाला आज सगळं सांगणार होतो. ती अंगणवाडीतून आली, पाय धुतले, चहा ठेवला. मी म्हटलं, थंडी फार आहे या वर्षी. ती हो म्हणाली.

२६ जानेवारी
भाषण लिहून काढलं. सुरुवात अशी: जमीन काय, आज आहे उद्या नाही, पण घर ही कायमची गोष्ट. मग आठवलं की घरही २००४ पर्यंत संस्थेचंच आहे. ते वाक्य खोडलं. मग बाकीची वाक्यं त्याच्यावरच उभी होती.

२९ जानेवारी, संध्याकाळ
सांगितलं. सगळं. ३९०, ८२,८००, बोडी, सगळं. तू ८४ साली विचारलं होतंस ते मी संस्थेत विचारलंच नाही, हेही.  माझ्यामुळे तुझ्या बाबांचं वावर जातंय, असं म्हणालो. हात जोडले.
ती म्हणाली, उद्या रजा टाका, तहसीलवर जायचं हाय. देवाजीभाऊले मी निरोप देल्ला.
मला वाटलं, वावर त्याला लिहून द्यायला. झोप येणार नाही.

३० जानेवारी १९८९, दुपार
तहसीलसमोर चिंचेखाली अर्जनवीस बसतो. देवाजी आधीच आलेला. सत्यशीलानं आधी आम्हाला पोस्टात नेलं. काउंटरवर सही केली आणि नोटा मोजून घेतल्या. आठ हजार आणि वर थोडे सुटे.
 तिनं वाटेतच सांगितलं, चालता चालता, जणू भाजीचा भाव सांगत होती. ज्या आठवड्यात गहाणखतावर सही केली, त्याच आठवड्यात पोस्टात महिना शंभरचं खातं उघडलं होतं. पाच वर्षं. मानधन आणि रोवणीची रोजी. भरले सहा हजार.
मी विचारलं, आणि वरचे दोन हजार? ती म्हणाली, व्याज. हरसालचं.
मग मी विचारलं, तुला तेव्हाच कळलं होतं? ती म्हणाली, मी पुसली होती पत्रूजीले. तुमी सही करून पान खायाले उतरले तेव्हा. त्यायनं ब्याऐंशी हजार सांगतले.
मग बोलली काऊन नाहीस, असं मी तिच्याच भाषेत विचारलं. ती थांबली. म्हणाली, चौदा साल तुमी घर घर करत होते. हिशेब सांगतला असता त तुमी पायवाच खणला नसता. मले घर पायजे होतं. वावरही पायजे होतं. मंग दोन्हीचं पाहा लागलं.
मी रस्त्याकडे पाहत राहिलो. रडू आलं होतं, ते आवरलं. सोळा नव्हे, एकवीस वर्षं मी फुटवे मोजतोय, आणि माझ्याच घरात महिन्याला शंभर रुपये उगवत होते ते मला दिसले नाहीत.
देवाजीनं पैसे दोनदा मोजले. बोडीवाल्यांना आता काय सांगू, असं पुटपुटला. अर्जनवीसानं फेडीचा कागद लिहायला घेतला. देणार, सत्यशीला. घेणार, देवाजी. वावर, दीड एकर.
मग त्यानं मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, हे कोण?
 मी सांगितलं, साक्षीदार. त्यानं बोट दाखवलं तिथे, सगळ्यांत खाली, मी सही केली.